मदत हवी आहे: १९ मिनिटांची कॉमेडी शॉर्टफिल्म, एडिटमध्ये हसूच गायब झालंय

नमस्कार मंडळी, धागा जरा लांबणार आहे, आधीच माफी मागतो.

आम्ही पाच मित्रांनी पदरचे पैसे घालून एक शॉर्टफिल्म केलीये, प्रोड्यूसर वगैरे कोणी नाही, पुण्यात चार रविवार शूट केलं. गोष्ट साधी आहे. एकतीस वर्षांचा मुलगा, आई लग्नासाठी मागे लागलीये, हा गुपचूप डेटिंग ॲपवर. पहिली डेट झेड ब्रिजवर, जिथे जोडपी गाड्या लावून बसतात, तर शेजारच्या गाडीवर ऑफिसातला साहेब, तोही कोणाबरोबर तरी आलेला, आणि दोघं एकमेकांना न दिसल्याचं नाटक करत बसतात. दुसरी कॅफेत, तिथे हा भलत्याच टेबलावर जाऊन बसतो आणि त्या मुलीला वाटतं हाच फ्लॅटचा एजंट. ती विचारते आधीचे लोक का सोडून गेले, हा बिचारा मनापासून आपल्या ब्रेकअपची कारणं सांगतो. तिसरी मुलगी येतच नाही. शेवटी आई त्याला कांदेपोह्यांना घेऊन जाते, तर पोहे घेऊन बाहेर येते ती हीच न आलेली.

स्क्रिप्ट वाचली तेव्हा लोक खुर्चीवरून पडायचे बाकी होते, आणि आता रफ कट दाखवला तर सगळे "छान आहे रे" म्हणतात. छान आहे म्हणजे मेलोच ना.

शिवाय कॅफेच्या सीनमध्ये मिक्सरचा आवाज, वर स्पीकरवर १९५८ चं हिंदी गाणं, आणि मागच्या भिंतीवर ट्यूबलाइटचे पट्टे सरकतायत. लांबी १९ मिनिटं, बऱ्याच फेस्टिवलला १५च्या आत लागते. काय कापू? मला तर कॅफेचा अख्खा सीनच उडवावासा वाटतोय.

कानसेन: कॅफे उडवू नका, तोच तर सगळ्यात भारी वाटतोय वाचून! दोघांना स्टुडिओत बसवून डबिंग करा, एकाच टेबलावरचा सीन आहे, एका दिवसात होईल. फक्त त्या कॅफेत परत जाऊन दोन मिनिटं कोणी न बोलता नुसता तिथला आवाज रेकॉर्ड करून आणा, मिक्सर आणि स्पीकर बंद असताना. तो संवादांखाली ठेवला नाही तर डबिंग कळतं, रेडिओवरचं श्रुतिनाट्य वाटतं. आणि ओरिजनल ट्रॅक गेला की गाणंही आपोआप गेलं.

गोंधळी (धागाकर्ता): गाणं जाणार ही चांगलीच गोष्ट, पण एक विचारू का, ६० वर्षं झाली की कॉपीराइट संपून गाणं फुकट होतं ना? मग ठेवलं तर?

काळा कोट: अर्धवट माहिती आहे साहेब. रेकॉर्डिंगचा हक्क प्रसिद्ध झाल्यापासून ६० वर्षांचा, तो संपला असेल. पण गीतकार आणि संगीतकाराचा हक्क त्यांच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतो, त्यामुळे गाणं १९५८ चं असलं तरी शब्द आणि चाल अजून कोणाच्या तरी मालकीची असू शकते. हीरोने नुसतं गुणगुणलं तरी तोच प्रश्न. यूट्यूबवर टाकलंत की क्लेम येतोय बघा.

कात्री: पट्ट्यांचं कारण सांगतो. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, दिवा सेकंदाला १०० वेळा लुकलुकतो. कॅमेऱ्याचं शटर १/५० किंवा १/१०० सेकंद ठेवायचं, तुमचं बहुतेक १/६० वर राहिलं असणार. झालेलं पूर्ण जात नाही, पण मागची भिंत जरा गडद केली तर लक्ष जात नाही.

आता मुख्य मुद्दा. पहिली डेट सुरू व्हायला किती वेळ लागतो?

गोंधळी: तीन मिनिटं चाळीस सेकंद. आधी घर, आई, लग्नाचा विषय, मग तो ॲप डाउनलोड करतो.

कात्री: हे सगळं काढा. झेड ब्रिजवर गाडी लागली तिथून सुरू करा, आईचा फोन तिथेच वाजू दे, "कुठे आहेस", "मीटिंगमध्ये", झालं, अख्खं घर कळलं. दुसरं म्हणजे तुम्ही बहुतेक बोलणाऱ्याच्या तोंडावर कट मारताय. ती "डिपॉझिट किती" विचारते तेव्हा कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावर हवा, आणि तिथेच दोन सेकंद जास्त थांबा, हसू प्रश्नाला येत नाही, तो प्रश्न कळायला त्याला जो वेळ लागतो त्याला येतं. श्रेयनामावली किती लांब आहे? बऱ्याच ठिकाणी १५ मिनिटांत तीही धरतात. फ्रान्सच्या कान फेस्टिवलला तर धरतातच.

गोंधळी: १ मिनिट ४० सेकंद 🙈 सोसायटीच्या वॉचमनकाकांपर्यंत सगळ्यांचे आभार आहेत. कानला कोण चाललंय म्हणा.

बरं, काल रात्री बसून केलं. सुरुवात उडवली, आभार २५ सेकंदांत गुंडाळले, १४ मिनिटं ५ सेकंद झाली. कॅफेही ठेवलाय. भानगड एकच, आईचं काम माझ्या मावशीने केलंय, शूट तिच्याच घरी, चारही रविवार जेवणही तिचंच, आणि आता तिची फिल्म शेवटच्या पोह्यांपासून सुरू होते. तिला अजून सांगितलेलं नाहीये.

तर शेवटची मदत. पुढच्या रविवारी कोथरूडमध्ये सहा-सात जण हवेत ज्यांना आमच्यापैकी कोणी ओळखत नाही, कारण ओळखीचे लोक छानच म्हणतात. मी स्क्रीनकडे पाठ करून तुमच्या तोंडाकडे बघत बसणार आणि कुठे हसलात ते लिहून घेणार, तेवढं चालवून घ्या. चहा माझ्याकडून. येऊ शकणाऱ्यांनी व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा.