पीएस४ (प्लेस्टेशन ४, सोनीचं गेम खेळायचं मशीन) वरचे डिजिटल गेम पीएस५ वर कसे न्यावेत?

खानापूरचा_गडी: माझ्याकडे डिस्क एकही नाही, सगळे गेम डिजिटल. आता पीएस५ घेतलाय. परत पैसे भरावे लागतील का? पावसाळ्यात इथलं नेट रडतं, एवढं डाउनलोड होणं अवघड. जुना पीएस४ धाकट्या भावाला द्यायचाय.

टिळकवाडीकर: नाही भावा. खरेदी तुझ्या पीएसएन (प्लेस्टेशन नेटवर्क) खात्यावर असते, मशीनवर नाही. तेच खातं पीएस५ वर उघड, लायब्ररीत सगळे दिसतील. पीएस४ चे जवळपास सगळे गेम चालतात. डाउनलोडही टाळता येतं. यूएसबी ३.० हार्ड डिस्क, किमान २५० जीबीची, पीएस४ ला लावून एक्स्टेंडेड स्टोरेज, म्हणजे गेम ठेवायची जादा जागा, म्हणून फॉरमॅट कर (आतलं सगळं पुसलं जातं, फोटोबिटो आधी काढ). गेम तिच्यात हलव आणि तीच पीएस५ ला लाव. थेट चालतात.

निपाणी_गेमर: सेव्ह, म्हणजे गेममध्ये कुठवर पोचलास त्याच्या फाइली, विसरू नकोस, हात जोडतो! ते त्या हार्ड डिस्कवर जात नाहीत. प्लस (सेव्ह ऑनलाइन ठेवू देणारी प्लेस्टेशनची पैसे भरून घ्यायची वर्गणी) नसेल तर वेगळ्या पेन ड्राइव्हवर कॉपी कर. गेम परत मिळतो, खेळलेले तास नाही मिळत.

खानापूरचा_गडी: आणि भावाचं?

टिळकवाडीकर: पीएस४ तुझ्या खात्याचा प्रायमरी, म्हणजे मुख्य मशीन, राहू दे; त्यावर इतर खात्यांनाही तुझे गेम खेळता येतात. पीएस५ वरची हीच सोय, कन्सोल शेअरिंग, वेगळी असते, दोन्ही एकदम चालतात. तो स्वतःच्या खात्यावरून तुझेच गेम खेळेल.