स्लिम आणि सांगशाकचे मराठे
दुसऱ्या महायुद्धात ब्रह्मदेश आघाडीवर जपान्यांशी लढलेल्या ब्रिटिश-भारतीय फौजेचा सेनापती विल्यम स्लिम पिढीजात लष्करी घराण्यातला होता, असं म्हटलं जातं; मला ते पटलं नाही. वडील बर्मिंगहॅमला लोखंडी सामानाचे व्यापारी. स्वतः त्याने आधी शाळेत शिकवलं, मग कारकुनी केली. १९१४ ला फौजेत शिरला, पहिल्या महायुद्धात तुर्कस्तानातल्या गॅलिपोलीत जखमी झाला. असा माणूस १९४८ मध्ये ब्रिटिश सैन्याचा सर्वोच्च अधिकारी झाला, मला हे फार मोठं वाटतं.

स्लिमच्याच फौजेने मणिपूरमध्ये जपान्यांशी लढलेल्या इंफाळच्या लढाईबद्दल बोलताना तिथलं सांगशाक हे गाव राहूनच जातं. मार्च १९४४ मध्ये पॅराशूट ब्रिगेडसोबत तिथे आपली मराठा लाइट इन्फंट्रीची चौथी बटालियनही लढली. खाली कातळ, त्यामुळे खंदक उथळ; गावात पाण्याची सोय नाही; विमानातून टाकलेली रसद बरीचशी जपान्यांकडेच पडायची. तरी त्यांनी शत्रूला सहाएक दिवस अडवून धरलं, आणि तेवढ्यात इंफाळ सावरलं.