इंडी गाण्याच्या हुकवर रॅप: बीट जुळत नाही

पूर्वभाग_बीट्स:
गिटारवालं इंडी गाणं आहे, ८४ बीपीएम (मिनिटाला ८४ ठोके), पट्टी पेटीची पांढरी ५. हुक (पुन्हापुन्हा येणारी मुख्य ओळ) तसाच ठेवून अंतऱ्यांच्या जागी मराठी-तेलुगू रॅप टाकायचाय. रॅपची बीट ९० ची. डेमक्सनं (गाण्यातून गळा आणि वाद्यं वेगळी करणारं सॉफ्टवेअर) आवाज वेगळा काढून ९० वर ताणला. पहिला हुक बसतो, दुसऱ्याला गाणं बीटच्या पुढं पळतं. आवाजही पाण्यात बुडाल्यासारखा येतो. रॅप अजून रेकॉर्ड व्हायचाय आणि शेजारी यंत्रमाग आहे. यूट्यूबवर टाकलं तर चालेल का?

काळी_चार:
रोग दोन आहेत बे, औषध एकच देऊ नको.

आधी आवाज. ८४ चं ९० म्हणजे ७ टक्के ताण, तोही आधीच विस्कटलेल्या ट्रॅकवर. त्यापेक्षा न ताणलेला ८४ चाच ट्रॅक घे, एडिटिंग सॉफ्टवेअरमधली 'पिच (सूर) टिकवा' ही खूण काढ आणि प्लेबॅक रेट १.०५९५ कर. सूर बरोबर अर्धा स्वर चढतो, वेग ८९ होतो, ताणल्याची खरखर येत नाही. बीट ९० वरून ८९ वर आण, कुणाला कळणारसुद्धा नाही. गाणं आता काळी ४ चं झालं, म्हणून ८०८ बेसही (रॅपच्या बीटमधला खोल, लांबणारा ठोका) त्या पट्टीत लाव; बीट मायनर असेल तर पांढरी ४ वर. हे राहून जातं आणि मग लोक गायकाला बेसूर म्हणतात. आवाज वेगळा काढताना फाइल वॅव किंवा फ्लॅक घे, एमपीथ्री नको. गिटारचा ट्रॅक ८-१० डीबी खाली ठेवून हुकखाली राहू दे, उरलेली घाण झाकली जाते.

आता घसरण. असली गाणी बऱ्याचदा क्लिकशिवाय (कानात ठोके देणाऱ्या मेट्रोनोमशिवाय) वाजवलेली असतात, ८४ ही नुसती सरासरी. मध्येच ८५ झालं तरी १६ बारमध्ये (चार ठोक्यांचा एक बार) अर्ध्या सेकंदाहून जास्त फरक पडतो. हुक बार-बारनं काप, प्रत्येक तुकड्याची सम (पहिला ठोका) सॉफ्टवेअरमधल्या ठोक्यांच्या रेघांवर, म्हणजे ग्रिडवर सरकव, जोड श्वासाच्या जागी ठेव, १० मिलिसेकंदांचा क्रॉसफेड दे (एक तुकडा विरताना दुसरा चढतो). शब्दाच्या मध्ये कापलंस तर टिचकी वाजणारच.

चादर_बूथ:
सोलापुरी चादरी भिंतीवर टांगून खोलीचा घुमारा जातो, मागाचा दणका नाही. तो जमिनीतून येतो. स्टँडखाली चादरीची जाड घडी घाल, डायनॅमिक माइक ५-८ सेंमीवर धर, १०० हर्ट्झखालचं काप. तरीही माग बंद असतानाच रेकॉर्ड कर. नॉइज रिडक्शन जास्त केलं की 'स' आणि 'श' खातं.

कलम_३१सी:
यूट्यूबचं विचारलंस: कव्हर (दुसऱ्याचं गाणं पुन्हा गाणं) म्हणून सुटणार नाही. कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ३१सीमधली सवलत पहिल्या रेकॉर्डिंगचं वर्ष संपून ५ वर्षं झाल्यावर मिळते, तीही गाणं न बदलता आणि रॉयल्टी भरून. परवानग्या दोन लागतात: गाण्याची आणि रेकॉर्डिंगची. हुक स्वतः गायलास तर दुसरी टळते, पहिली नाही. इंडीवाल्यांकडे बऱ्याचदा दोन्ही हक्क स्वतःकडेच असतात, डेमो जोडून थेट मेल कर. 'क्रेडिट टू ओनर' लिहिण्याला काही अर्थ नाही.

पूर्वभाग_बीट्स:
८०८ चा मूळ स्वर ट्यूनरला सापडतच नाही.

काळी_चार:
एक-दोन सप्तक वर चढवून दाखव, आणि सुरुवातीचा ठोका सोडून मागची शेपटी ऐकव.