प्रौढांच्या फेटिश व्हिडिओंमधील लुटुपुटीचे खटले

प्रश्न (दादर)
मी हौशी नाट्यसंस्थेत नेपथ्य करतो. काही परदेशी फेटिश (विशिष्ट वस्तू, कृती किंवा प्रसंगाभोवतीची कामुक आवड) मालिकांची मांडणी न्यायालयाची असते: उंच आसनावर न्यायाधीश, पिंजऱ्यात आरोपी, सावकाश वाचले जाणारे आरोपपत्र आणि आधीच ठरलेली शिक्षा. शिक्षेपेक्षा आरोपपत्रालाच अधिक वेळ का दिला जातो, आणि या सगळ्यात संमती नेमकी कुठे असते?

उत्तर १ (फौजदारी वकील, फोर्ट)
सत्र न्यायालयात पट्टेवाल्याने नावाचा पुकारा केला, की निर्ढावलेला आरोपीही नकळत सदऱ्याची बटणे चाचपतो. चारचौघांत आपले कृत्य परक्याच्या तोंडून ऐकावे लागणे हीच अर्धी शिक्षा असते, आणि या मालिका नेमके तेच उचलतात. (त्यांतला लाकडी हातोडा अमेरिकी आहे, इंग्लंडच्या न्यायालयांत तो वापरत नाहीत.)

संमतीचा प्रश्न खऱ्या न्यायालयातही गेलेला आहे. प्रौढ पुरुषांनी परस्परसंमतीने केलेल्या वेदनादायी कृत्यांच्या खटल्यात, ज्याचा तपास त्यांनीच चित्रित केलेली फीत पोलिसांच्या हाती लागल्याने सुरू झाला, हाउस ऑफ लॉर्ड्सने (ब्रिटनचे तेव्हाचे सर्वोच्च अपील न्यायालय) १९९३ साली ३ विरुद्ध २ मतांनी निर्णय दिला, की अशा कृत्यांत शारीरिक इजा झाल्यास संमती हा बचाव ठरत नाही. मला अल्पमत अधिक पटते. आपल्याकडे मात्र असे व्हिडिओ कृपया कोणाला पाठवू नका; माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६७अ खाली पहिल्याच गुन्ह्याला ५ वर्षांपर्यंत कैद आणि १० लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो.

उत्तर २ (गिरगाव)
नेपथ्यकाराला तेंडुलकरांचे 'शांतता! कोर्ट चालू आहे' (१९६७) आठवले असेलच. तिथेही खटला लुटुपुटीचाच असतो, पण बेणारेबाईंचे खाजगी आयुष्य पुराव्यादाखल पुढे येऊ लागते आणि त्या निघू पाहतात, तेव्हा दाराची कडी बाहेरून लागलेली असते. व्हिडिओतील आरोपीजवळ आधी ठरवलेला एक शब्द असतो, जो उच्चारताच न्यायाधीशाने थांबायचे असते. तो शब्द खरोखर पाळला जातो का, हे संकलित चित्रफितीवरून कळत नाही, आणि माझी खरी अस्वस्थता तीच आहे.

प्रश्नकर्ता
दोघांचेही आभार. काही भागांच्या आरंभी कलाकार आपल्या मर्यादा स्वतः सांगतात. तो भाग मी नेहमी न पाहता पुढे सरकवत असे. आता तो पाहीन, मात्र तोही संकलित असतो हे लक्षात ठेवून.