फातिमा नावाची तुमची ओळख कशी झाली? (अनुभव धागा)

ओमानवासी
परवा भाचीचा शारजाहून फोन. तिच्या लेकीच्या वर्गात फातिमा इतक्या आहेत की बाई बापाचं नाव लावूनच हाक मारतात. फातिमा खालिद, फातिमा युसुफ. "मावशी, तू इतकी वर्षं मस्कतला होतीस, अर्थ काय गं या नावाचा?" आणि मला एकदम उम्म सालेम आठवली.

रुवीला आमच्या समोरच्या दारात राहायची. मूळची झांझिबारहून परतलेल्या ओमानींपैकी, त्यामुळे चिडली की स्वाहिली बोलायची. सगळी इमारत तिला उम्म सालेम म्हणायची, म्हणजे सालेमची आई. मीही तेच म्हणायचे. तिचं स्वतःचं काही नाव असेल हे डोक्यातच आलं नाही.

धाकटा दीड-पावणेदोन वर्षांचा झाला तरी अंगावरचं सोडेना. रात्रभर रडारड, मी अर्धमेली. एक दिवस उम्म सालेम मत्राच्या बाजारातून काळ्या खड्यांची पुडी घेऊन आली. बघते तर आपला काळा बोळ! कोरफडीचा वाळवलेला रस हो. पाण्यात उगाळून लाव म्हणाली. पोराने एकदा तोंड लावलं, असं काही तोंड केलं की आम्ही दोघी हसत सुटलो, आणि मग तो रडला म्हणून मीही रडले. तेव्हा ती माझ्या पाठीवर हात ठेवून म्हणाली, "याला आम्ही फिताम म्हणतो. आणि माझं नाव फातिमा. दूध तोडणारी."

नाव कळलं ते असं. मग कहवा आणि खजूर.

तुम्हाला हे नाव कुठे, कसं भेटलं ते लिहा. अर्थ, गोष्टी, आठवणी, काहीही चालेल.

गुळपोळी
काळा बोळ!!! आमच्या सासूबाईंनी कडुनिंबाचा पाला वाटून लावायला लावला होता. चिरंजीव तोही चाटून मोकळे. आता अठरा वर्षांचा आहे आणि कारल्याची भाजी मागून खातो, काय बोलणार.

आडवाटेचा
जेद्दाला नोकरीत होतो तेव्हा संध्याकाळच्या अरबी वर्गाला जायचो, म्हणून थोडं लिहितो. फ-त-म ही तीन मुळाक्षरं. यातला त आपला नाही, जीभ टाळूकडे दाबून जाड काढायचा. मला शेवटपर्यंत जमला नाही. फातिमा म्हणजे लेकराला दुधावरून सोडवणारी.

नुकत्याच जन्मलेल्या मुलीला हे नाव का, असं मी आमच्या मास्तरांना विचारलं होतं. ते म्हणाले, वाळवंटात मूल दूध सुटण्याच्या वयापर्यंत जगलं तर जगलं. म्हणजे ही मोठी होवो, हिला मूल होवो आणि ते मूल दुधावरून सुटण्याइतकं वाढो, एवढा मोठा आशीर्वाद एका नावात. भाविक लोक दुसराही अर्थ सांगतात, नरकाच्या आगीपासून सोडवलेली. शियांमध्ये तो विशेष.

आणि हे नाव पैगंबरांच्या मुलीपासून सुरू झालं असं बऱ्याच जणांना वाटतं. नाही. पैगंबरांच्या आजीचं नाव फातिमा, त्यांची पत्नी खदीजाच्या आईचं फातिमा, जावई अलींच्या आईचंही फातिमा. हदीसमध्ये एक प्रसंग आहे: पैगंबरांना रेशमी वस्त्र भेट आलं, ते त्यांनी अलींना दिलं आणि सांगितलं, याच्या ओढण्या करून फातिमांमध्ये वाट. अरबीत त्याला चक्क अनेकवचन आहे, फवातिम. शारजाच्या बाईंना सांगा, शब्द तयार आहे.

ओमानवासी
@आडवाटेचा फवातिम! भाचीला लगेच पाठवलं. हा हा.

रत्नांग्री
माझी नानी फातिमा. गावात फातमाबी. आमचं घर राजापूरच्या बाजूला, घरात कोकणी मुसलमानांची बोली, शाळा मराठी.

नानीच्या तोंडी बीबी फातिमाची एकच गोष्ट कायम असायची. पैगंबरांची लाडकी लेक, पण घरात दळण स्वतः, पाणी स्वतः. जातं ओढून हाताला घट्टे पडले. वडिलांकडे कामाला माणूस मागायला गेली तर वडिलांनी माणूस दिला नाही, झोपताना म्हणायचे शब्द दिले. ३३ वेळा सुभानल्लाह, ३३ वेळा अल्हम्दुलिल्लाह, ३४ वेळा अल्लाहु अकबर. याला तस्बीह-ए-फातिमा म्हणतात. नानी माळ वापरायची नाही, बोटांच्या पेरांवर मोजायची. अंगठा पेरावरून सरकताना अजून दिसतो मला.

लहानपणी मी तिला म्हटलेलं, हे बरं आहे, कामवाली मागितली तर जप दिला! तर नानी खो खो हसली आणि म्हणाली, तुझे नाना पण असेच, गिरण लाव म्हटलं की सबूर कर म्हणायचे.

गुळपोळी
@रत्नांग्री नानी भारी 😄 आमच्याकडे जात्यावरच्या ओव्यांत सीतेला वनवास नि इकडे बीबी फातिमेला घट्टे.

रत्नांग्री
अगदी. दख्खनीत सूफींचे चक्कीनामे आहेतच की, जात्यावर म्हणायचे. विजापूरकडचे. जातं फिरलं की गाणं येणारच, मग बाई कुठलीही असो.

पणजीकार
आमच्या गोंयांत उलटंच हां. फातिमा म्हटलं की पहिली डोळ्यांसमोर येते ती किरिस्तांव. शाळेत माझ्या बाकावर फातिमा होती, गळ्यात खुरीस, दर आयतारी मिसाला. पहिल्यांदा मुंबईला गेलो तेव्हा फातिमा नावाची मुसलमान मुलगी भेटली आणि मी गोंधळून विचारलं, तू कुठल्या वाड्यावरची?

भानगड अशी. पोर्तुगालात फातिमा नावाचं गाव आहे. १९१७ साली १३ मे ते १३ ऑक्टोबर, लुसिया, फ्रान्सिस्कू आणि जासिंता या तीन गुराखी पोरांना तिथे सायबिणीचं, म्हणजे मेरीमातेचं, दर्शन झालं, अशी श्रद्धा. तेव्हापासून फातिमाची सायबीण जगभर. १३ मेला आमच्याकडे फेस्त. पण गावाचं नाव मूळचं अरबांच्या राज्यातलं! पोर्तुगालचा तो भाग शेकडो वर्षं मूर लोकांकडे होता. तिथे दंतकथा सांगतात की एका मूर राजकन्येवरून गावाला नाव पडलं. म्हणजे अरबी नाव पोर्तुगालला गेलं, मेरीमातेला चिकटलं आणि बोटीतून गोव्यात आलं.

वसईकर_बाय
आमच्याकडे पण. माझी मावसबहीण. १३ मेची जन्मली म्हणून फातिमा. आधार केंद्रावरचा माणूस धर्माच्या नावाने काय काय विचारत बसला होता तिला, सोडा.

पुणेरी_तिरकस
पुण्यात फातिमानगर आहे. रोज तिथल्या सिग्नलला अडकतो. याउपर अनुभव नाही.

बोलकी_बाहुली
ओमानवासी, ते "उम्म सालेम"वरून लिहायचं होतं. आम्ही कुवेतला होतो. नवऱ्याच्या ऑफिसातले अरब सहकारी बायकोबद्दल बोलताना "घरचे" म्हणायचे, नाहीतर अमक्याची आई. परक्या पुरुषासमोर बायकोचं, आईचं नाव घेणं बरं दिसत नाही. २०१५ साली इजिप्तमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या महिला विभागाने यावर मोहीम काढली होती, आईचं नाव उघडपणे घ्या म्हणून.

मी माझ्या आईला सांगितलं तर ती म्हणाली, त्यात काय, मी तुझ्या बाबांचं नाव उखाण्याशिवाय कधी घेतलंय? "अहो" आणि "इकडची स्वारी" यात आयुष्य गेलं. तिकडे बायकोचं नाव लपवायचं, इकडे नवऱ्याचं.

आडवाटेचा
पण दुसरी बाजूही बघा. अरब बाई लग्नानंतर नाव बदलत नाही. फातिमा बिन्त अमुक म्हणजे अमक्याची लेक, ती मरेपर्यंत तशीच. आपल्याकडे तांदळात नाव लिहून अख्खी बाईच बदलायची पद्धत होती.

गुळपोळी
माझं बदललं होतं तांदळात. सासरच्या नावाने अजून कुणी हाक मारली तर मी मागे वळत नाही 😂 फक्त रेशनकार्डावर आहे ते.

पुणेरी_तिरकस
रेशनकार्डावर एक, पासपोर्टवर दुसरं? बँकेत गेलात की कळेल.

गुळपोळी
कळलंय. दोन वर्षं कळतंय.

कडेगावकर
आमच्या सांगली जिल्ह्यात नाव माहीत नाही असा माणूस नाही, पण बाईचं म्हणून नव्हे, पंजाचं म्हणून. मोहरमचे पंजे बघितलेत का? पाच बोटं म्हणजे पंजतन: पैगंबर, अली, फातिमा, हसन, हुसेन. पाचात बाई एकच. आमचे आजोबा, जातीने मराठा, कपाळाला बुक्का लावणारे वारकरी, पण मोहरमात पंजासमोर नारळ ठेवल्याशिवाय जेवायचे नाहीत. कडेगावचे ताबूत तर बघायलाच या. घराएवढे काय, घरावरून उंच. मानकऱ्यांत हिंदू घराणी आहेत. आणि करबलची गाणी. हसन-हुसेनची आई, म्हणजे हीच फातिमा, कशी रडली ते ऐकताना आमची आज्जी पदर डोळ्याला लावायची, मग घरी येऊन चोंगे खायची.

न्यूजर्सीकर
पाच बोटांवरून आठवलं. इथे आमच्या ऑफिसात एकीच्या गाडीच्या किल्लीला तळहाताचं पदक लटकतं, मधोमध निळा डोळा. मी म्हटलं, अरे वा, फातिमाचा हात! ती ज्यू आहे, म्हणाली, आमच्यात याला मिरियमचा हात म्हणतात. तेवढ्यात मोरोक्कोचा एक जण म्हणाला, आमच्या घरी नुसतं खम्सा म्हणतात, म्हणजे पाच. पुढे अर्धा तास दृष्ट काढण्यावर चर्चा. मी मीठ-मोहऱ्या सांगितल्या. बैठक वेळेवर सुरू झाली नाही.

शिक्षिका_नगर
कुणीच कसं लिहिलं नाही? आपल्याला फातिमा म्हटलं की फातिमा शेख आठवायला हवी ना. सावित्रीबाईंबरोबर शिकवणारी. सावित्रीबाई आजारपणात माहेरी नायगावला होत्या, तिथून त्यांनी जोतिरावांना १० ऑक्टोबर १८५६ला पत्र लिहिलं. मी नसल्याने फातिमेवर कामाचा भार पडत असेल पण ती कुरकुर करणार नाही, अशा अर्थाचं एक वाक्य आहे त्यात. दर ३ जानेवारीला मी वर्गात ते वाचते. मुलांना मोठमोठी भाषणं लक्षात राहत नाहीत, पण "कुरकुर करणार नाही" राहतं. मागच्या वर्षी एक पोरगी गृहपाठ न करता आली आणि म्हणाली, बाई, मी फातिमा नाही, मी कुरकुर करणार.

इतिहासवेडा
एका वाक्यावर केवढा डोलारा! बाकी पुरावे कुठे आहेत?

शिक्षिका_नगर
त्या काळच्या किती बायकांच्या वाट्याला तेवढं एक वाक्य तरी आलं, ते सांगा आधी.

इतिहासवेडा
तो मुद्दा वेगळा.

ओमानवासी
दोघांनी वेगळा धागा काढा बरं, इथे फवातिमांना नांदू दे.

सीनकाठ
पॅरिसहून. फ्रेंच वसाहतीच्या काळात अल्जीरिया-मोरोक्कोत गोऱ्या बायका घरकामाच्या कुठल्याही मुसलमान बाईला सरसकट "फात्मा" म्हणत. नाव विचारायचे कष्टच नाहीत. माझी इथली म्हातारी घरमालकीण अल्जीरियातल्या ओरानला वाढलेली. आमची फात्मा अशी होती, तशी होती, असं प्रेमाने सांगते. मी एकदा विचारलं, तिचं खरं नाव? आठवेना तिला. आपल्याकडे गड्याला "रामा" म्हणत तसंच.

आणि खालच्या मजल्यावर सेनेगलची फातू राहते. हेच नाव. माली-गिनीकडे फातूमाता, तुर्कांत फात्मा, इराणात फातेमे, आखातात लाडाने फत्तूम. फातू केस इतके सुंदर गुंफते की लेक माझ्याकडून वेणी घालूनच घेत नाही आता.

भेंडीबाजार_ते_बोरिवली
आमच्या बोहरी शेजाऱ्यांकडे प्रत्येक पिढीत एक फातेमा. ते स्वतःला कैरोच्या फातिमी इमामांच्या परंपरेतले मानतात. फातिमी राजवट, ९०९ ते ११७१, नावच मुळी फातिमेवरून. कैरो शहर ९६९ साली त्यांनीच वसवलं. अल-अझहर मशीदही त्यांचीच, आणि ते नाव फातिमेच्या अझ-झहरा, म्हणजे तेजस्विनी, या बिरुदावरून पडलं असं बहुतेक जण मानतात. पुढे सत्ता गेली, अझहर सुन्नी विद्यापीठ झालं, नाव तेच राहिलं. शेजारच्या काकी कैरोला जाऊन आल्या तेव्हा हे सगळं त्यांनी थाळाभोवती बसवून आम्हाला ऐकवलं. सुरुवातीला चिमूटभर मीठ, मग एकदम गोड, मग तिखट. माझा मुलगा अजून घरी आधी गोड मागतो.

रत्नांग्री
थाळावरून, बीबी फातिमाच्या नावाची सहनक ऐकलीये का कुणी? सहनक म्हणजे मातीची परात. त्यातलं फक्त बायकांनी खायचं, पुरुषाची सावलीही नको. हैदराबादकडे, पूर्वी मुघलांच्या जनान्यातही होती. आता बरेच मौलवी नको म्हणतात. आमच्याकडे बंद झाली, नानीच्या आधीच. माझा मामा म्हणायचा, बरं झालं, वास घेऊन जीव जायचा.

गुळपोळी
म्हणजे आमच्या मंगळागौरीसारखंच, पुरुष बाहेर ओट्यावर! बरं @कडेगावकर ते चोंगे म्हणजे नक्की काय? पुरीसारखे की पोळीसारखे?

कडेगावकर
पोळीसारखे जाड. गुळाच्या पाण्यात कणीक भिजवायची, वर खसखस दाबायची, भाजून तूप. प्रमाण आईला विचारून टाकतो, ती आता शेतावर गेलीय.

पुणेरी_तिरकस
तूप किती, तेही विचारा. आणि आमच्या डॉक्टर बहिणीचा निरोप: काळा बोळ बाळाच्या पोटात गेला तर जुलाब होतात, आजच्या आयांनी करू नका.

ओमानवासी
झाले होते 🙈

गुळपोळी
कडुनिंबाने काही झालं नाही हो आमच्या.