'एकसुरो'ला मराठीत काय म्हणावे?

फोंड्याहून प्रश्न:
कोंकणी वाक्य असे आहे: "तो एकसुरो रावता, मातसो पिसो." माणूस म्हातारा. रोज ठरल्या वेळी अंगणात दोन खुर्च्या मांडतो, एकीवर बसतो, दिवेलागणीला दोन्ही आत नेतो. 'तो एकसुरी राहतो, जरा विक्षिप्त आहे' हे मराठी चालेल का?

डिचोलीहून:
'एकसुरी' नकोच. मराठीत भाषण एकसुरी असते, गाणे असते, दिनक्रमही असतो. माणसाला लावले तर तो कंटाळवाणा वाटतो. गोव्यातल्या वाचकाच्या कानाला हा शब्द ओळखीचा, म्हणून चूक नजरेतून सुटते. साताऱ्याचा वाचक अडखळेल.

'एकलकोंडा'ही टाळा. तो स्वभाव आहे: माणसे आजूबाजूला असूनही जो मिसळत नाही तो. दुसरी खुर्ची मांडणारा माणूस कुणाची तरी वाट पाहतो, त्याला एकलकोंडा म्हणणे म्हणजे अन्यायच. क्रियापदावरूनही फरक कळतो. माणूस 'एकटा पडतो', 'एकाकी पडतो'. 'एकलकोंडा पडतो' असे कुणी म्हणत नाही, तो 'एकलकोंडा होतो'. 'मुद्दाम एकटा राहतो' बरोबर, 'मुद्दाम एकाकी राहतो' खटकते, कारण एकाकीपणा कुणी निवडत नाही. निवडलेला असेल तर तो एकांत.

म्हापशाहून:
'पिसो'बद्दल. 'विक्षिप्त' मराठीत चालतो, पण हिंदीत त्याचा अर्थ वेडा, भ्रमिष्ट असा जातो आणि आपल्याकडे हिंदी वाचणारे पुष्कळ. योगसूत्रांवरच्या व्यासभाष्यात तर 'विक्षिप्त' ही चित्ताच्या पाच अवस्थांपैकी एक: मधूनच स्थिरावणारी, पण विखुरलेली. इथे सवय सांगायची आहे, तेव्हा 'तऱ्हेवाईक' घ्या. 'लहरी' अजिबात नको, लहर बदलते आणि हा माणूस रोज तेच करतो. 'चक्रम'मध्ये हेटाळणी आहे, वयस्क माणसाला तो शोभत नाही. मराठी 'पिसा' आता बहुधा 'वेडापिसा'तच भेटतो, तोही इथे फार तीव्र.

फोंड्याहून:
मग 'एकाकी राहतो, सवयी तऱ्हेवाईक'?

डिचोलीहून:
'एकटाच राहतो'. कोंकणीत 'एकसुरो रावता' म्हणजे घरात दुसरे कुणी नाही, एवढेच. मनाचे सांगायचे तर 'एकसुरें दिसता' म्हणतात. तिथे 'एकाकी वाटते' लिहा. मूळ लेखकाने 'रावता' लिहिले आहे, तर 'एकाकी' आपल्या पदरचे घालू नये. म्हाताऱ्याला आदरार्थी करायचे असेल तर 'ते एकटेच राहतात'. 'एकटा' आणि 'एकलकोंडा' लिंगवचनाप्रमाणे बदलतात, 'एकाकी' आणि 'तऱ्हेवाईक' तसेच राहतात.