बाबांच्या निगेटिव्हमधला छत्रीवाला

टीटीकर: माळा आवरताना बाबांच्या निगेटिव्ह सापडल्या, बिस्किटांच्या डब्यात, 120 चा रोल. स्कॅन केल्या. साखरपुडा, बारसं वगैरे पाहून झालं. पण एका फोटोत दादर टीटीचा रस्ता आहे. आत्या कडेला अर्धी कापली गेलीय आणि मधोमध एक अनोळखी माणूस! धोतर, कोट, काळी टोपी, काखेत छत्री. वाकून तुटलेल्या चपलेचा अंगठा बघतोय. तासभर मी त्यालाच बघत बसलो. माझा जन्म 1979 चा. टीटी म्हणजे ट्राम टर्मिनस हेसुद्धा कॉलेजात कळलं. मग न पाहिलेल्या रस्त्याची आठवण का यावी? आणि साल कसं काढायचं?

लालडबा: रस्त्यात रूळ आहेत का? बोरीबंदर ते दादर ही शेवटची ट्राम 31 मार्च 1964 ला धावली. रूळ असतील तर फोटो त्याआधीचा.

डार्करूम: रुळांवर जाऊ नका. ट्राम बंद झाल्यावरही ते कित्येक ठिकाणी तसेच होते, नंतर डांबराखाली गेले. ट्राम दिसत असेल तर गोष्ट वेगळी. दुकानांच्या पाट्या मोठ्या करून बघा. भावापुढे ‘न.पै.’ म्हणजे नवे पैसे असेल तर 1957 ते 64. आणि निगेटिव्ह चौकोनी असतील तर कॅमेरा बहुधा अग्फा क्लिक थ्री. रोलमध्ये फोटो फक्त 12, त्यातला एक परक्या माणसावर कोण खर्च करणार? तो आपला आपण आत शिरलाय. घरचे सगळे श्वास रोखून उभे असतात, याला मात्र पत्ताच नाही. मला वाटतं तुम्ही त्यासाठीच थांबलात.

माहेरवाशीण: खरंय, पण ‘काय ते दिवस’ एवढं नको हं. त्या बिचाऱ्याला पुढे अनवाणी जावं लागलं असेल. माझ्या आजोबांच्या रस्त्यावरच्या फोटोंत बायका शोधून सापडत नाहीत. एक आहे, तीही पिशवी सावरत फ्रेमबाहेर चाललेली.

टीटीकर: पाटीवर ‘चहा’ आणि ‘न.पै.’ सापडलं! मधला आकडा नेमका छत्रीमागे. रात्री आत्याला फोटो पाठवला, विचारलं हा कोण. ती म्हणाली, ‘मेला तो कोण का असेना. माझी नवी इरकल कापली तुझ्या बापाने, ते बघ आधी.’